दोन हात रुंद वाट

वाळत घातलेली चहाची पत्ती पिंगमेईने एका हाताने परतली आणि दुसऱ्या हाताने फोन कानाशी धरला.

“उद्या तिसावा दिवस, मुदतीचा शेवटचा,” गावच्या मध्यस्थ को बाई सांगत होत्या. “समझोत्यावर कोर्टाची मोहोर घ्यायला दोघांनी मिळूनच जावं लागतं. नाही गेलात आणि पुढे कुणी शब्द फिरवला, तर पहिल्यापासून दावा लावत बसाल. वरातीमागून घोडं नको.”

“बघते,” म्हणून तिने फोन ठेवला.

तिच्या नवऱ्याचं थडगं शेजारच्या चुआंगच्या चहामळ्यापलीकडे, टेकडीवर होतं. चुआंगने कुंपण घातलं आणि वाट बंद झाली. सलग दोन वर्षं छिंगमिंगच्या दिवशी सारा गाव आपापल्या पितरांची थडगी झाडायला गेला, आणि ती घरात बसून रडली. शेवटी को बाईंनी दोघांना समोरासमोर बसवलं. दोन हात रुंद वाट, कायमची, असं ठरलं. दोघांनी लाल शाईचे अंगठे उठवले आणि त्याच संध्याकाळी चुआंगने स्वतःच्या हाताने कुंपण उपसलं. अशा माणसाला कोर्टात चला म्हणणं म्हणजे त्याला तोंडावर खोटं पाडणं. पिंगमेईच्या जिभेला ते जड जात होतं, म्हणून तिने महिनाभर विषयच काढला नव्हता.

सकाळी चुआंगच दारात उभा राहिला. अंगात लग्नकार्याचा कोट, काखेत कागद.

“आवरा वहिनी. आठची बस आहे.”

तिला ते लागलं.

“मी शब्द फिरवीन असं वाटलं का भाऊजी?”

“तुम्ही कशाला फिरवाल? वाट तुम्हालाच हवीय.” चार पायऱ्या चढून त्याला धाप लागली होती. तो उंबऱ्यावर टेकला. “कुंपणाची अक्कल माझ्या पोराची. तिथे त्याला पाहुण्यांसाठी खोल्या बांधायच्यात. मला नाही म्हणता आलं नाही, ही माझी चूक. मी आहे तोवर तो गप्प आहे.”

कागदांमध्ये इस्पितळाचा मोठा लिफाफा होता. पिंगमेईने तो पाहिला आणि चपला बदलल्या.

कोर्टात कारकुनाने दोघांना वेगवेगळं विचारलं, राजीखुशीने आलात ना? मग म्हणाला, “आता हे मोडलं तर कोर्ट सक्तीने पाळायला लावेल. वारसांवरही ते बंधनकारक, असं समझोत्यात आहे. वारसाचं नाव?”

चुआंगने पेन मागून घेतलं आणि मुलाचं नाव स्वतः लिहिलं. सावकाश, एकेक रेघ नीट ओढत.

“पोरगा चिडेल,” परतीच्या बसमध्ये पिंगमेई म्हणाली.

“चिडू दे.” तो खिडकीबाहेर पाहत होता. “वर माझ्या बायकोशेजारी माझी जागा आहे. मलाही त्याच वाटेने जायचंय.”

पुढच्या छिंगमिंगआधीच चुआंगला त्याच वाटेने वर नेऊन पुरलं होतं. छिंगमिंगला ती वर निघाली, तेव्हा वाटेच्या तोंडाशी चुआंगचा मुलगा हाताची घडी घालून उभा होता. कोर्टाचा कागद तिने आणला नव्हता. टोपलीत झाडू मात्र दोन होते. त्यातला एक तिने त्याच्यापुढे धरला.