दहा मोजेपर्यंत

घरातून निघताना नव्या डॉक्टरने दस्तगीरच्या खांद्यावर हात ठेवला. "वडिलांची फार आशा धरू नका. चार दिवस, फार तर पाच."

दस्तगीरने नुसती मान हलवली. खाटेवर पडलेला साठीचा मौलाली त्याचा बाप नव्हता, मुलगा होता. दस्तगीरचं वय ब्याऐंशी, पण दाढीत मोजून वीस-पंचवीस केस पांढरे. बिदरच्या त्या गल्लीत हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. डॉक्टर बिचारा परगावचा, त्याला कोण सांगणार?

सगळं बिदरीच्या कारखान्यातल्या त्या मातीचं करणं. सुरई ओता, कोरा, चांदीची तार ठोका. पण किल्ल्यातली माती आणि नवसागर घालून उकळल्याशिवाय बिदरीच्या भांड्याला काळा रंग चढत नाही. या घराकडे यायची ती जुन्या बुरुजाखालची, न्यारीच. तिच्यापाशी काळ थबकतो, म्हणून तिचा रंग कधी उडत नाही. पण चांगली कुठली आणि वाया गेलेली कुठली, हे डोळ्यांना कळत नाही. चिमूटभर जिभेवर धरून चाखावी लागते. पाच मोजेपर्यंत ठीक, पुढे माती माणसाला धरते. आणि दस्तगीरला तर दहा मोजल्याशिवाय चव उमगायची नाही. त्याचे दहा होईस्तोवर घरात दोन दिवस उलटलेले असायचे. तो आपला ओट्यावर डोळे मिटून बसलेला, दगडासारखा.

आठवड्यातून दोनदा, साठ वर्षं. मौलाली चालायला लागला तेव्हा बाप मातीवर बसलेला, त्याच्या सुंतेला पाहुणे जेवून गेले तेव्हाही तिथेच. "गरम वाढलेली रोटी शिळी करून खायची कला कुठे शिकलात हो?" बायको जैनबी सुरुवातीला थट्टा करायची. पुढे थट्टाही बंद झाली. सहा वर्षांपूर्वी ती गेली, आणि हा भानावर आला तोवर दफन होऊन तिसऱ्या दिवसाची जियारत उरकून लोक परतलेसुद्धा होते. पोटासाठी बसतो, ऐश करायला नाही, असं तो म्हणायचा, आणि ते खोटं नव्हतं. पण ऐकून घ्यायला बरोबरीचं उरलं होतं कोण? दोस्त सगळे कब्रस्तानात. फार एकटा पडला होता माणूस.

मौलालीला ती जीभ नव्हती. बाराव्या वर्षी बापाने परीक्षा घेतली, तर पोराने चुलीमागची माती बुरुजाची म्हणून ठोकून दिली. कारखाना खो खो हसला. दस्तगीरने त्याला छिन्नी हातोडी देऊन कोरायला बसवलं.

आता मात्र त्याने हिशेब केला. एका चिमटीत दोन दिवस थांबतात. बापलेक शेजारी शेजारी बसतील, चिमटीमागून चिमटी, आणि मौलालीचे चार दिवस वर्षभर पुरतील. बोलणं नाही झालं तर नाही, सोबत तर राहील.

"दर्ग्यातली राख आहे," तो मुलाला म्हणाला. "जिभेवर धर आणि दहा मोज."

मौलालीने तोंड उघडलं. एक, दोन, आणि तो बाजूच्या तस्तात थुंकला.

"अब्बा, ही बुरुजाखालचीच. पण वरच्या थराची. नवसागर थोडा जास्त टाका, नाहीतर रंग तांबूस येईल."

दस्तगीरच्या हातातली पुडी खाली पडली. "तुला कळतं?"

"पहिल्यापासून."

"मग त्या दिवशी?"

"अम्मीने शपथ घातली होती. म्हणाली, चुकीचं सांग. घरात माझ्यासोबत म्हातारं होणारं एक तरी माणूस राहू दे."

दस्तगीरने सांडलेली माती चिमटीने पुडीत भरली. मग म्हणाला, "दोनात कळलं तुला. मला दहा लागतात. तू चाखली असतीस तर या घरात कुणालाच मातीवर बसावं लागलं नसतं, गाढवा."

"ते तिला कुठे ठाऊक होतं, अब्बा," मौलाली म्हणाला. "बसा ना इथे. असेच, काही न चाखता."

कारखान्यातून टोपलं आलं ते दस्तगीरने परत धाडलं. चूळ भरली आणि खाटेशी बसला. उन्हाचा कवडसा खाटेच्या पायापासून उशीपर्यंत यायला केवढा वेळ लावतो, हे त्याने जन्मात प्रथम पाहिलं.

"कंटाळलात?" मौलालीने डोळे न उघडता विचारलं.

"हो."

"अम्मीपण कंटाळायची."

चौथ्या दिवशी उतरत्या दुपारी, असरच्या नमाजानंतर मौलाली गेला. बापाचा हात त्याच्या हातात होता आणि बाप जागा होता.

जियारत झाली, माणसं पांगली. कारखान्यातलं कुणीतरी ओट्यावर मातीचं टोपलं ठेवून गेलं होतं. एक चिमूट घेतली असती तर या रिकाम्या घरातले दोन दिवस तरी सुटले असते. दस्तगीरने टोपलं पायाने बाजूला सारलं, आत गेला आणि चुलीपाशी, जैनबीच्या जागेवर, संध्याकाळ व्हायची वाट बघत बसला.