थरथरत्या हाताचे पुरुष

माझा धाकटा भाऊ पुरुषांवर प्रेम करणाऱ्या पुरुषांच्या शृंगारिक चित्रकथा काढतो. त्याने शाई फिरवली की खालची पेन्सिल रबराने पुसायची, हे काम कित्येक वर्षं माझं. इतके उघडे पुरुष मी हातावेगळे केलेत, की एखाद्या डॉक्टरीणबाईंनीही केले नसतील.

त्याचं नाव झालं ते रेघेमुळे. मानेपासून टाचेपर्यंत एका दमात ओढलेली, कुठेही न अडखळणारी. त्याचे पुरुष कायम धुऊन-पुसून ठेवल्यासारखे. अंगावर केस नाही, पोट नाही, सुरकुती तर औषधालाही नाही.

मग त्याचा हात थरथरायला लागला. गोळ्यांनी जरा थांबला, पूर्ण नाही. नव्या पुस्तकाची पानं त्याने तशाच हाताने काढली, प्रकाशकबाईंकडे धाडली आणि घरभर येरझाऱ्या सुरू केल्या.

"ताई, त्या म्हणणार, थांबा आता."

"म्हणू देत. तोंड आहे त्यांना."

"मला दुसरं येतं काय गं?"

तेही खरंच. त्याला साधा चहासुद्धा धड येत नाही.

संध्याकाळी त्याचा जोडीदार आला. त्याची बेकरी आहे. नात्याने त्याला काय म्हणायचं हे घरात कुणी ठरवलंच नाही, म्हणून मी आपली 'अहो बेकरीवाले' म्हणते. शाई सांडली म्हणून मागे ठेवलेलं एक पान त्याने उचललं, ते खाली ठेवेचना. रेघ कापत गेल्यामुळे त्यातल्या माणसाच्या छातीवर केस उगवले होते, पोटाला वळ्या पडल्या होत्या, आणि त्याच्या कुशीतला दुसरा खुशाल हसत होता.

"हा मी आहे," बेकरीवाले म्हणाले. "इतक्या वर्षांत पहिल्यांदा काढलंस मला."

"काढलं कुठे? हात हलला."

"मग हलू दे की, बाबा."

तेवढ्यात फोन वाजला. भाऊ घेईना, मीच घेतला. प्रकाशकबाई होत्या.

"अहो, पानं बघितली. जुने पुरुष तुमचे एकदम झकास, पण काचेच्या कपाटातले. हे बघून मला आमचे हे आठवले! पुढची कधी पाठवताय?"

मी शब्दन् शब्द सांगितला. भाऊ मटकन खुर्चीत बसला, त्याने डोळे पुसले आणि तो उगाचच हसायला लागला.

"पुढच्या पानात पोट जरा कमी कर," बेकरीवाले म्हणाले.

"अजिबात नाही," भाऊ म्हणाला. "ताई, जेवायला काय आहे?"