सुगतनचं मरण आणि अम्माचा आंबा

मरायला सुगतनने मंगळवार निवडला, कारण भाड्याने आणलेला कॅमेरा संध्याकाळच्या बसने कोळिकोडला परत जायचा होता आणि रीळ उरलं होतं एकच.

लेखक तोच, दिग्दर्शक तोच, नटही तोच. पहिल्या चित्रपटात तो विहिरीकडे बघत बसला होता, दुसऱ्यात विहीर त्याच्याकडे. आता तिसऱ्याचा शेवट फसला असता, तर एकाही फिल्म सोसायटीने त्याला पुन्हा दारात उभं केलं नसतं!

शेवट तसा सोपा होता. अंगणात केळीच्या पानावर, छातीपर्यंत पांढरं कापड ओढून मेलेला सुगतन, उशाशी समई, फोडलेल्या नारळात पेटती वात आणि शेजारी अम्मा. रीळ संपेपर्यंत कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही. बस्स! कॅमेरामन बेन्नी मात्र खिडकीआड लपलेला, कारण कॅमेरा दिसला की अम्माला हसू फुटायचं.

कॅमेरा सुरू झाला आणि शेजारच्या देवकीने कुंपणावरून डोकावलं.

"अय्यो! सुगतन गेला!"

बघता बघता अंगण रडणाऱ्यांनी भरलं.

"कार्त्यायनीचेची, कधी झालं हो?" देवकीने अम्माला विचारलं.

अम्मा समईकडे बघत राहिली.

"बिचारीची वाचाच बसली!"

"चेहरा बघा किती शांत. जिवंतपणी असा कधी दिसला नाही."

"कसा दिसेल? सारखा सिनेमावर बोलायचा ना!"

सुगतन आतल्या आत फुलून गेला. त्याच्या अभिनयावर पहिल्यांदाच कुणी रडत होतं!

तेवढ्यात शेजारचा कुंजिरामन कुऱ्हाड घेऊन आला. चितेसाठी घरच्याच परसातला आंबा तोडायची रीत. आणि हा आंबा अम्माने लग्न होऊन आली त्या वर्षी स्वतः लावलेला.

खाड्! पहिला घाव.

सुगतन पडल्या पडल्या हिशेब करू लागला. उठावं तर चित्रपट गेला, पडून राहावं तर झाड. त्याने एक डोळा किलकिला करून पाहिलं. अम्माच्या गालांवरून पाणी वाहत होतं, पण ओठ गच्च मिटलेले. मुलाला शब्द दिला होता ना!

खाड्!

"ए कुंजिरामा, झाड सोड!" पांढऱ्या कापडासकट सुगतन ताडकन उठला.

देवकी समई ओलांडून पळाली, बाकीचे कुंपण मोडून. कुंजिरामन कुऱ्हाड टाकून सरसर त्याच आंब्यावर चढला.

सुगतन मटकन खाली बसला. "संपलं सगळं. मेलेलाच उठला, आता कसला शेवट!"

बोलू का, असं अम्माने हाताने विचारलं.

"बोल गं अम्मा, बोल."

"अरे मेल्या, उतर माझ्या झाडावरून!" ती आधी वर बघून कडाडली. मग मुलाकडे वळली. "आणि तू रे, रडतोस कशाला? एकदा तरी तुझ्या सिनेमात काहीतरी घडलं!"

खिडकीत बेन्नी पोट धरून हसत होता. रीळ शेवटपर्यंत फिरलं होतं आणि त्यात सगळे आले होते, पळणारेसुद्धा.

सुगतनने झाडाच्या जखमेवरून हात फिरवला. "शेवट असाच ठेवू या," तो म्हणाला.

"मी पाठमोरा आलोय का रे?" वरून कुंजिरामनने विचारलं. "मग पुन्हा घ्या. या खेपेला नीट चढतो."

"रीळ संपलं, कुंजिरामा."

"मग मी नाही उतरत जा!"