दह्याशेजारची फीत

मित्रांनो, मी एका मूकपटाची जुनी फीत आहे. माझ्यातला नवरा केक करायला जातो. पीठ त्याच्या हातांना चिकटतं, तिथून दाराच्या मुठीला, शेवटी सासूबाईंच्या टोपीला. मग बायको लाटणं उचलते.

१९८३ साली लंडनच्या हॅरो भागातल्या एका चर्चच्या जुन्या वस्तूंच्या बाजारात डॉक्टर पद्माकरांनी मला प्रोजेक्टरसह विकत घेतलं. शनिवारी पाहुणे जमले की मी त्यांच्या बैठकीच्या भिंतीवर उमटायची. मला आवाज नव्हता, तो पद्माकर द्यायचे. "अहो सासूबाई, टोपी सांभाळा, आजचा केक तिच्यातच भाजायचाय." पाहुणे हसून लोळायचे. पद्माकरांच्या पत्नी सुप्रभाताई म्हणायच्या, "पिक्चरमधला नवरा बरा. निदान स्वयंपाकघरात शिरतो तरी."

पुढे घरात व्हिडिओ आला आणि मी गॅरेजमध्ये गेले. "ओल लागेल तिला," म्हणत सुप्रभाताईंनी मला गरम पाण्याच्या टाकीच्या कपाटात आणून ठेवलं. थंडीत त्यांचं दही तिथेच लागायचं. दह्याला हवी असलेली ऊब मला बाधली. माझ्या अंगाला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागला. सुप्रभाताई मात्र दह्यालाच नावं ठेवत विरजण बदलत राहिल्या.

१९९४ मध्ये पद्माकरांना अर्धांगवायूचा झटका आला आणि त्यांची वाचा गेली. स्पीच थेरपिस्टने सांगितलं, त्यांना पाठ असलेलं काहीतरी दाखवा.

"आई, बाबांचा तो टोपीवाला पिक्चर लावूया?" त्यांची मुलगी मीनल म्हणाली. "ही नोज इट बाय हार्ट."

माझा डबा उघडताच सुप्रभाताई वासाने थबकल्या. "म्हणजे दही नासत नव्हतं," त्या हळूच म्हणाल्या.

मी आखडले होते. माझ्या कडेची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसेनात. नवऱ्याने पिठात हात घातला, तेवढ्यात मी अडकले आणि दिव्यासमोर वितळले. भिंतीवर नुसता पांढरा चौकोन उरला. पद्माकर त्याच्याकडे बघत राहिले. मीनलने प्रोजेक्टर बंद करायला बटणाकडे हात नेला.

"राहू दे," सुप्रभाताई म्हणाल्या आणि भिंतीकडे वळल्या. "अहो सासूबाई, टोपी सांभाळा..." पुढचं त्यांना आठवेना. इतकी वर्षं हसण्याच्या भरात त्यांनी ते नीट ऐकलंच नव्हतं.

पद्माकरांचे ओठ हलू लागले, माझ्यातल्या नवऱ्यासारखे, आवाजाशिवाय. सुप्रभाताई त्यांच्यासमोर बसल्या आणि त्या ओठांवरून एकेक शब्द लावून पाहू लागल्या.

मित्रांनो, आम्हा फितींना थंड, कोरड्या जागी ठेवा. आणि घरातलं माणूस बोलत असेल, तर हसतानाही त्याचे शब्द कानात साठवा. माझी दुसरी प्रत कुठेतरी सापडेल. पद्माकरांच्या बोलण्याची प्रत कुणीच काढली नव्हती.