टीव्हीवर पांघरलेली साडी

मी टीव्हीवरचं कव्हर बोलतेय. मूळची मी साडी, कसालच्या एका आईची, हिरव्या काठाची. लेकीच्या सासरी टीव्ही आहे असं कळल्यावर तिने मला कापून कव्हर शिवलं आणि रुखवतात मांडलं. अशी मी शुभदाबरोबर धामापूरला आले.

रविवारी सकाळी टीव्हीला हार घालायचे, उदबत्ती लावायचे. शेजारी चपला बाहेर काढून आत यायचे. मला मात्र उतरवून, घडी घालून शुभदा मांडीवर ठेवायची. त्यामुळे महाभारत मी नुसतं ऐकलंय.

शुभदा डी.एड. झालेली. मसुऱ्याच्या शाळेत जागा आहे, हे सांगायला हेडमास्तर स्वतः आले. बाबांनी, म्हणजे तिच्या सासऱ्यांनी, त्यांना अंगणातूनच वाटेला लावलं. "आमच्या सुनेक जमाचा नाय." शुभदा आत माझी धूळ झटकत होती. जरा जास्तच झटकली.

पुढच्या रविवारी द्रौपदीला भर सभेत ओढत आणलं. सासूबाई, माई, ताडकन उठल्या. मला उचललं आणि टीव्हीवर टाकलं.

"मेल्यांनो, बायलमाणसाची अब्रू जाता आणि बघीत काय बसलात?"

"माई, काढ गो ता! आता देव येतलो," शेजारचा गणपत कळवळला.

"येतलो तेवा येतलो. तवसर मी आसंय."

चित्र झाकलं, पण आवाज थोडाच झाकतो! माझ्याआडून द्रौपदी थोरामोठ्यांना जाब विचारत होती. उत्तर कोणी देईना.

तेवढ्यात शुभदा हळूच म्हणाली, "बाबा, शाळेक नाय म्हणताना माका खंय विचारलात?"

बाबा पायाच्या अंगठ्याकडे बघू लागले.

"काय ओ," माई म्हणाल्या, "आता तुमीय मान खाली घालतल्यात?"

बाबांनी घसा खाकरला. "सदा, सायकल काढ. हेडमास्तर घराकच गावतले." मग हळूच, "ह्या संपल्यार."

"आत्ता!" माई.

शुभदाचा नवरा सदानंद उठला.

आता टीव्हीवर टॉवेल असतो. मी शुभदाच्या डब्याभोवती बांधलेली, रोज मसुऱ्याला जाते. काठाला खडूचा आणि सुकटीचा वास येतो. कापलं तेव्हा वाईट वाटलं होतं. पण अख्खी असते तर पेटीतच राहिले असते.

त्या रविवारी देव आला म्हणतात. मला दिसला नाही. मला जाणवला तो माईंचा हात, शेवटपर्यंत मला पडद्यावर दाबून धरलेला.

फाटले की माझं खुशाल पायपुसणं करा. फक्त एक तुकडा माईंच्या गोधडीला लावा.