अंगड्यातले खडे

चैत्राचे पिवळेधमक ऊन निळ्या डोंगरांवरून ओघळत होते, आणि त्या उन्हातून सावरीचा कापूस तरंगत होता. शुभ्र, निःशब्द, अलिप्त. दिवसाही न मावळणारे दोन फिकट चंद्र आकाशाच्या कडेला टेकले होते, कुणीतरी वाळत घालून विसरून गेल्यासारखे.

कापूस वाऱ्याने हलत नव्हता. त्या जगात गोष्टी गोष्टींकडे ओढल्या जात. पाणी उताराकडे जावे, तशी एका उंबऱ्यातली गोष्ट दुसऱ्या उंबऱ्यातल्या गोष्टीकडे जाई, आणि जाताना हवेतला कापूस सोबत नेई. पंडित त्या अदृश्य बलाला कथाकर्ष म्हणत. बायाबापड्या नुसतेच म्हणत, ओढ.

ओढ होती म्हणून माणसे मातीवर टिकत. ज्याच्या गोष्टी उदंड, त्याचे पाऊल जड. म्हणून तिथली रीत अशी, की बारशाला आईने उंबऱ्यावर बसायचे आणि बाळाच्या जन्माची गोष्ट मोठ्याने सांगायची. ती गोष्ट कुणाच्या तरी गोष्टीला जाऊन बिलगे, आणि बाळ त्या मातीचे होई.

सगुणाने गोष्ट सांगितली नाही.

कारण कुंपणापलीकडे साळूआक्का राहत होती. तिचा मुलगा विसू एका धुकट सकाळी तळ्याकडे गेला तो आलाच नाही. तळे काही बोलले नाही. काठ काही बोलला नाही. गोष्ट अर्धीच राहिली, आणि अर्ध्या गोष्टीची ओढ सर्वांत भुकेली, हे सगुणा पाठशाळेत शिकली होती. शिकलेले सारे विसरले, एवढे मात्र विसरले नाही.

माझ्या लेकीची गोष्ट त्या तळ्याकडे जाता कामा नये. थोडे दिवस थांबू, ती स्वतःशी म्हणे. जरा अंग धरू दे.

बारसे लांबले. लेक बिननावाची राहिली. गौरांगी, मृगनयनी, आणि हलकी. फार हलकी. सगुणा बघत राही. सावली फिकी पडते का, बघे. पाळणा आपोआप झुलतो का, बघे. सगळ्यांच्या खांद्यांवर कापूस उतरे, लेकीच्या अंगावर कधी उतरत नसे. लेकीची नजर कशावरच ठरत नसे, आईवरसुद्धा. मग सगुणाने अंगड्याच्या काठात नदीतले खडे शिवायला घेतले. एक निळसर. एक तांबूस. आठवड्याला एक, मग दिवसाआड एक. बाळ निजले की ती हाताने खडे चाचपून बघे, जसे कुणी जप करते.

त्या दुपारी तिने लेकीला न्हायला घालण्यासाठी अंगडे काढले आणि तेलाची वाटी घ्यायला मान वळवली. तेवढेच.

मान परत फिरली तेव्हा पाटावर फक्त ऊन होते. लेक वर होती. कर्दळीच्या तुऱ्याइतकी वर, उघडी, झळझळीत, कापसातला एक मोठा कापूस. ती रडत नव्हती. ती कुणाचीच नसल्यासारखी शांत होती.

सगुणाने झेप घालून पाऊल धरले. हातात वजन लागले नाही. वर जाणारी एक मंद, निश्चिंत चाल तेवढी लागली.

"अगं सगुणे, नुसती धरून काय बसलीस!" कुंपणावरून साळूआक्का ओरडली. "सांग ना तिची गोष्ट!"

"कशी सांगू, आक्का?" सगुणाचा आवाज फाटला. लपवायला आता वेळ नव्हता. "तुमच्या गोष्टीला जाऊन चिकटेल ती."

कुंपणाची एक काटकी साळूआक्काच्या हातात मोडली.

"चिकटू दे की, पोरी. माझ्या गोष्टीला मुळात शेवटच नाही. तुझ्या गोष्टीला तो कुठून देणार?"

उन्हात दोन चंद्र होते तिथेच होते. पाऊल बोटांतून निसटत होते. आणि सगुणाने सांगायला सुरुवात केली, उंबऱ्यावर न बसता, टाचा उंचावून, तेलकट हातांनी.

आंब्याला मोहर आला होता, बाळे, आणि मोहराने मला शिंका सुटल्या होत्या. कळा आणि शिंका, शिंका आणि कळा. सुईण म्हणाली, बाई, आधी काय ते एक ठरव. मी हसले, आणि हसता हसता शिंकले, आणि त्या शिंकेसरशी तू आलीस. रडायच्या आधी तूही शिंकलीस. सुईण म्हणाली, घ्या, आईवर गेली.

पाऊल जड झाले. तळव्याइतके जड, मग पिकल्या फळाइतके, मग अगदी लेकीइतके. ती उतरत उतरत आईच्या खांद्यावर आली, आणि तिने नजर उचलून आईकडे पाहिले. ठरून पाहिले.

अंगणातला कापूस मात्र वळला. पांढरी, सावकाश, सुतासारखी रेघ होऊन तो कुंपणाकडे निघाला. सगुणाचे डोळे त्या रेघेबरोबर गेले. छातीत तळे भरून आले.

रेघ साळूआक्कापाशी थांबली.

"आमच्या विसूलाही मोहराच्या शिंका यायच्या," साळूआक्का म्हणाली. स्वतःच दचकली. तळ्याकाठून तिची गोष्ट आजवर मागे फिरली नव्हती. "सारखं नाक पुसायचा. माझ्याच पदराला, मेला!"

ओढ तळ्यापर्यंत गेलीच नाही. तिला मोहर पुरला.

संध्याकाळी सगुणाने उंबऱ्यावर बसून अंगड्याची शिवण उसवली. निळसर खडा कुंपणावर ठेवला, तांबूस खडा कुंपणावर ठेवला, आणि पलीकडून साळूआक्काने ते एकेक उचलून ओंजळीत घेतले. एक खडा सगुणाने काठात तसाच राहू दिला. आईच ती.

आणि कापूस उतरत राहिला. या अंगणात उतरला, त्या अंगणात उतरला, मधल्या काटेरी कुंपणावर उतरला. एक शुभ्र तंतू लेकीच्या पापणीवर उतरला, थरथरला, आणि टेकला.

लेक शिंकली.