पुठ्ठ्याचा डावा डोळा

मी पुठ्ठ्याच्या डाव्या डोळ्यातला केस बोलतोय.

पुठ्ठ्या हा कुत्रा. रंगाने वहीच्या पुठ्ठ्यासारखा आणि मुक्कामाला पुस्तकबांधणीच्या कारखान्यात, म्हणून हे नाव. माझी लांबी जेमतेम चार मिलिमीटर. एवढ्याशा देहाने आपलं आत्मवृत्त सांगत बसावं का, असं कोणी विचारलं तर प्रश्न रास्त आहे. परंतु तीन महिने एका घरातली माणसं माझ्या कामाचं श्रेय भलत्यालाच देत होती. तेव्हा वस्तुस्थिती सांगून ठेवणं मला भाग आहे.

पापणीच्या केसांची एक ठरलेली रांग असते आणि त्यांची दिशाही ठरलेली असते, ती म्हणजे बाहेरची. मी त्या रांगेतला नव्हे. पापणीच्या आतल्या कडेला तेल सोडणाऱ्या बारीक ग्रंथींची छिद्रं असतात. केसाने तिथून उगवू नये, पण मी उगवलो, आणि तोही बुबुळाकडे तोंड करून. असे जास्तीचे केस कुत्र्यांना येतात, माणसांनाही येतात. पुष्कळदा ते मऊ असतात, डोळ्याच्या ओलाव्यावर पडून राहतात, आणि त्यांचा कोणाला पत्ताही लागत नाही. मी राठ निघालो. यात माझा पराक्रम नाही आणि अपराधही नाही.

आमच्या घराण्यात पूर्ण वाढ झालेला पहिला मीच. त्याच मुळातून माझ्याआधी जे जे उगवले, ते सगळे कोवळेपणीच गेले. एक हात यायचा, पापणी हलकेच उलटायची, क्षणभर उजेड दिसायचा आणि खेळ खलास. माझ्या वेळी तो हात आला नाही. का आला नाही, ते मला पुढे कळलं.

कारखाना म्हणजे एक लांबट खोली. तीत कापायचं टेबल, शिवणीची चौकट, एक लोखंडी दाबयंत्र आणि खळीचं पातेलं. मालक स्वतः बांधणीकार. मी उगवण्याच्या बेतात होतो त्याच आठवड्यात ते वारले. छातीत कळ आली म्हणून स्टुलावर टेकले, ते उठलेच नाहीत. त्यांच्या पत्नीला येणारीजाणारी माणसं वहिनी म्हणतात. पाचव्या दिवशी वहिनी शिवणीला बसल्या, कारण एका वाचनालयाचे चाळीस ग्रंथ उसवून ठेवलेले होते. त्या रडल्या नाहीत. लोकांनी आधी वाट पाहिली, मग कुजबुज केली.

महिन्याभरात मी बुबुळाला टेकलो. डोळ्यात काही खुपलं की पाणी सोडायचं, एवढंच डोळ्याला ठाऊक. त्याने ते सोडलं.

पहिल्यांदा ते पाहिलं वाचनालयाच्या ग्रंथपालबाईंनी. "अगं बाई! हा रडतोय की काय?"

"आठवडा झाला," वहिनी म्हणाल्या. "यांच्या स्टुलाखाली जाऊन पडतो आणि मग नुसती धार लागते."

"मुकं जनावर हो. पण माया बघा! कोणाकोणाला तेवढंही जमत नाही."

टोमणा नेम धरून मारलेला होता. वहिनींचा टाका मात्र चुकला नाही. बाई गेल्यावर त्यांनी मलमलीचा तुकडा घेतला, पुठ्ठ्याचा गाल टिपला आणि त्याच्या कानाशी म्हणाल्या, "रड बाबा. माझ्या वाटचंही तूच रड."

त्या दिवसापासून माझ्या कामाला घरात प्रतिष्ठा आली. गिऱ्हाईक आलं की आधी कुत्रा दाखवला जाई, मग पुस्तक. स्टुलासमोर खळ वाळवण्यासाठी टेबलफॅन ठेवलेला होता आणि त्याचा झोत थेट आमच्यावर येत असे, ही गोष्ट कोणी लक्षात घेतली नाही. वाऱ्याने डोळा कोरडा पडे, मी अधिक घासे, पाणी अधिक वाही. माणसांना कारण हवं असतं. ते एकदा मनाजोगतं सापडलं की शोध थांबतो.

मी मात्र थांबलो नव्हतो. तिसऱ्या महिन्यात पुठ्ठ्या डावा डोळा अर्धा मिटून वावरू लागला. पंजाने चोळायचा. बुबुळावर दुधी सावली धरली. "डॉक्टरला दाखवा एकदा," असं शेजारचा कागदवाला दोनदा म्हणाला. वहिनी कोमट पाण्याने डोळा धूत राहिल्या आणि दोन्ही वेळा त्यांनी एकच उत्तर दिलं. "दुःखाला कुठे औषध असतं?"

चौथ्या महिन्यात वन्सं आल्या. वन्सं म्हणजे बांधणीकारांची धाकटी बहीण. एका छापखान्यात मुद्रितं तपासतात. त्यांच्या स्वतःच्या पापण्यांत माझे जातभाई आहेत आणि दर महिना-दीड महिन्याने डोळ्यांच्या डॉक्टरांकडून त्यांना ते काढून घ्यावे लागतात. हे त्या चारचौघांत बोलत नाहीत. दारातच थांबून त्यांनी पुठ्ठ्याकडे बराच वेळ पाहिलं.

"वहिनी, हा एकाच डोळ्याने का रडतोय?"

"म्हणजे?"

"उजवा ठणठणीत कोरडा आहे. दादा गेल्याचं दुःख काय फक्त डाव्यालाच झालंय?"

"चेष्टा नको हं, वन्सं. तुम्हाला मेलं सगळ्यात चुकाच दिसतात."

"पोटापाण्याचा धंदाच आहे तो. जरा पंखा बंद करा बघू."

पंखा थांबला. दोघी डोळ्याकडे पाहत उभ्या राहिल्या. पाच-सात मिनिटांत धार ओसरली, नुसती ओल राहिली.

"म्हणजे हा रडत नव्हता, असं म्हणायचंय तुम्हाला?"

"मला एवढंच म्हणायचंय की याचा डोळा जायला आलाय."

वहिनींनी हातातली सुई मेणात खोचली. "आणि हा रडत नव्हता, तर मग या घरात त्यांच्यासाठी रडलं कोण, वन्सं?"

वन्सं पुठ्ठ्याजवळ गेल्या. त्यांनी विचारलं, "पट्टा कुठे ठेवलाय?"

जनावरांच्या डॉक्टरांनी डोळ्यात रंगाचा थेंब टाकून निळा दिवा धरला. बुबुळावर, मी जिथे घासत होतो अगदी तिथेच, हिरवा डाग चमकला. ती जखम होती. "बरीच खोल गेलीय. अजून आठ-दहा दिवस काढले असते तर हा डोळा गेला असता," ते म्हणाले. मग बधिर करणारे थेंब टाकून त्यांनी पापणी उलटली आणि भिंगातून पाहिलं. "हा बघा चोर."

"एवढासा?" वहिनी म्हणाल्या.

"एवढासाच पुरतो."

चिमट्याने त्यांनी मला धरलं आणि मी निघालो. चार महिन्यांचा मुक्काम निमिषात हलला. मी पांढऱ्या पट्टीच्या कापडावर पडलो असताना डॉक्टर म्हणाले, "इथली कड जाड झालीय. या जागचे केस आधीही कोणीतरी काढत होतं, आणि तेही बऱ्याच वेळा. कोण काढायचं?"

"कोणीच नाही. आम्हाला तर हे माहीतच नव्हतं."

वन्सं भिंतीला टेकल्या. "दादा," त्या म्हणाल्या.

"काय?"

"लहानपणी माझेही तोच काढायचा. खिडकीपाशी उभं करायचा. वर बघ, श्वास रोख, झालं! डॉक्टरकडे जायला लागेपर्यंत दुसऱ्या कोणाला हात लावू दिला नाही मी."

"मला कधी बोलले नाहीत."

"शाळेत मला चिडवतील म्हणून वचन घेतलं होतं मी त्याच्याकडून. कुणाला सांगायचं नाही. वेड्याने कुत्र्याच्या बाबतीतही पाळलं ते."

डॉक्टरांनी जखमेसाठी थेंब लिहून दिले. केस पुन्हा येईल, महिन्याने दाखवायला आणा, घरी हात घालू नका, आणि जखम भरली की मूळच गोठवून टाकू, असं त्यांनी बजावलं. वहिनींनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "तो केस द्या इकडे." कागदाच्या घडीत मी कारखान्यात परत आलो.

भिंतीवरचं कॅलेंडर चार महिन्यांत कोणी उलटलं नव्हतं. वहिनींनी ते खिळ्यावरून काढलं आणि मागची पानं चाळली. दर पाचव्या रविवारी पेन्सिलीचं लहानसं वर्तुळ होतं आणि वर्तुळात फुली. "मला वाटायचं, दाबयंत्राला तेल द्यायचा दिवस," त्या म्हणाल्या. मग आकड्याला टांगलेल्या बांधणीकारांच्या एप्रनच्या खिशात त्यांनी हात घातला आणि बारीक टोकाचा चिमटा बाहेर काढला. पुस्तकावरच्या सोनेरी अक्षरांचा वर्ख उचलायला ठेवलाय, असं त्या समजत होत्या. या कारखान्यात वर्खाचं काम होऊन नऊ वर्षं झाली होती.

चार महिने समोर राहिलेल्या पानावरही एक वर्तुळ होतं. बांधणीकार गेले त्यानंतरच्या नवव्या दिवसाचं. त्यात फुली नव्हती.

माझा हिशेब इथे चुकला, हे मी कबूल करतो. इतके दिवस मी समजत होतो की पुठ्ठ्याच्या पाण्याचा आणि त्या मृत्यूचा काडीचाही संबंध नाही. संबंध होता. तो हात राहिला असता, तर ते पाणी वाहिलंच नसतं. कुत्र्याला दुःख झालं होतं की नाही, ते मात्र मला विचारू नका. मी डोळ्याच्या काठावर होतो, आत नव्हतो. एवढं पाहिलं की त्या दुपारी पंखा बंद असतानाही पुठ्ठ्या स्टुलाखालीच जाऊन झोपला.

तुमच्या घरातल्या मुक्या जिवाच्या डोळ्यांत पाणी दिसलं, तर त्यावर गोष्ट रचण्याआधी पापणी उलटवून पाहणाऱ्या माणसाकडे त्याला न्या. गोष्ट थांबू शकते, डोळा थांबत नाही. माझ्या मागून याच मुळातून जो येईल, त्याचंही मत हेच असेल. त्याला फार दिवस मिळणार नाहीत, आणि ते योग्यच आहे.

माझा मुक्काम आता त्या रिकाम्या वर्तुळात आहे. वहिनींनी बोटाच्या टोकावर खळ घेतली आणि मला तिथे आडवं चिकटवलं. "बसा आता," त्या म्हणाल्या. मला म्हणाल्या की आणखी कोणाला, ते समजलं नाही. मग कागदावर एक थेंब पडला, माझ्या डाव्या अंगाला. लगेच दुसरा, उजव्या अंगाला. वन्सं पुढे आल्या नाहीत, त्यांनी फक्त दार लोटून घेतलं.

पाणी दोन्ही डोळ्यांतून येत होतं, अगदी सारखं. त्यात माझा काही हात नव्हता.